अंगणातलं पुंजणं

एक लांबरुंद गाडी पूर्ण झाकायला धानाचे किती भारे लागतात, हे मोजायची वेळ आमच्या घराण्यात याआधी कोणावर आली नव्हती. एकशे चाळीस लागतात. बाजूचे आरसे मुडपले असते तर एकशे पस्तीसमध्ये भागलं असतं. पण आमच्या गाडीचे आरसे मुडपायलाही वीज लागते, आणि गाडीत वीज उरली नव्हती म्हणूनच ती झाकायची पाळी आली होती.

"हे काय करून राह्यला तू?" वर चढलेले माझे थोरले भाऊ, धनराजभाऊ, माझ्यावर डाफरले. "लोंब आतमंधी पाह्यजे, देठ बाहेर. कास्तकाराच्या पोटी जन्मला ना?"

"पलटवतो ना भाऊ."

"पाखरं खाऊन जातीन सारं धान. लोंब बाहेर ठेवते काय कोनी?"

मी तो भारा पलटवला. भाऊ दुसऱ्या बाजूला गेले तसा मी पुन्हा हाताला येईल तसे भारे लावू लागलो. कापलेलं धान मळणीपर्यंत असं रचून ठेवतात, त्याला आमच्याकडे पुंजणं म्हणतात. पुंजणं रचणं ही कला आहे आणि ती खळ्यावर दाखवायची असते. घरासमोरच्या अंगणात, तुळशीपासून चार हातांवर, कोसंबटोल्यात आजवर कोणी पुंजणं रचलेलं नाही. त्याच्या पोटात गाडी तर अजिबातच नाही.

गाडीच्या कंपनीचं नाव मी सांगत नाही. दोष त्यांचा नाही. त्यांनी ती एखाद्या उद्योगपतीसाठी बनवली होती. चौदा वर्षांची होऊन ती ऊर्जानगरच्या क्वार्टरसमोर, वाळत घातलेल्या पापडांच्या बाजेशेजारी उभी राहील, हे त्यांच्या ध्यानीमनी कुठून असणार? मी ती आठ वर्षांपूर्वी नागपुरातून वापरलेली घेतली. तेव्हापासून ती मला वापरते आहे.

दिवाळीच्या आठ दिवस आधी मी मायची औषधं घेऊन गावी आलो, अंगणात गाडी थांबवली, तेव्हा समोरच्या पडद्यावर जर्मन भाषेत एक ओळ उमटली. दोन वर्षांपूर्वी बॅटरी बदलल्यापासून गाडी जर्मनच बोलते. ओळ लाल रंगात होती, त्याअर्थी बातमी बरी नव्हती. सकाळी उठून पाहतो तर गाडी अंगणात बसली होती. हिला स्प्रिंगा नाहीत, हवेच्या पिशव्या आहेत. पिशव्यांतली हवा गेली की पोट जमिनीला टेकतं. म्हैस बसली तर शेपूट पिळून उठवता येते. हिला शेपूटही नाही.

पत्रू मिस्त्रीला बोलावलं. तालुक्यात असा मोटरपंप नाही की जो पत्रूनं सुरू करून दाखवला नाही. त्यानं बोनेट उघडलं, आत वाकून पाहिलं, मग दुसऱ्या बाजूनं जाऊन पुन्हा पाहिलं.

"इंजिन कुठी हाये?" त्यानं शेवटी विचारलं.

"त्या झाकणाखाली."

"आनि झाकनाचे नट?"

"त्याले नट नाई."

पत्रूनं बोनेट हळूच बंद केलं. मग त्याच्याच सल्ल्यानं भाऊंचे बैल जुंपून गाडी गोठ्यामागे ओढायचं ठरलं. बैल पुढे गेले, दोर तुटला, गाडी तिथेच राहिली. तिचा गिअरही विजेवर चालतो. वीज नसली की चाकं जाम होतात. हे मला माहीत होतं, पण बैलांपुढे सांगायची लाज वाटली.

लाज वाटायचं कारणही सांगून टाकतो. मी ऊर्जानगरच्या वीज केंद्रात कंट्रोल अँड इन्स्ट्रुमेंटेशनमध्ये तीस वर्षं आहे. लाल दिवा लागला की पाच मिनिटांत कारण शोधायचं, ही माझी नोकरी. दोनशे मीटर उंच चिमणीतल्या धुराचं तापमान मी खुर्चीत बसून सांगतो. माझ्या गाडीचं दार का उघडत नाही, हे मला आठ वर्षांत सांगता आलेलं नाही.

आणि सगळं रामायण त्या दारामुळेच झालं होतं.

चंदा आमची धाकटी बहीण. बल्लारपूरला दिली. तिच्या नणंदा भाऊबीजेला तिच्याकडे येतात, म्हणून ती आमच्याकडे दुसऱ्या दिवशी, गावच्या मंडईला यायची आणि मंडईच्या दिवशी आम्हा दोघा भावांना ओवाळायची. दिवाळीनंतर झाडीपट्टीत गावोगाव मंडई भरते. दुकानं लागतात, नाटक असतं, लेकीबाळी माहेरी येतात. गेल्या तीन मंडयांना चंदा आली नव्हती. या धनतेरसला तिनं मायला फोन केला.

"येईन औंदा," ती म्हणाली. "पन ते गाडी माह्या नजरेस पडली तं फाटकातूनच वापस जाईन. सांगून ठेवजो त्याले."

त्याले म्हणजे मला. तीन वर्षांत तिनं माझं नावही घेतलं नव्हतं. ती फाटकातून परत गेली, तर पुन्हा यायची नाही, हे मला पक्कं ठाऊक होतं. आमच्या घरातले सगळे हट्टी आहेत, पण चंदा आमच्या वडिलांवर गेली आहे.

तीन वर्षांपूर्वी मे महिन्यात तिच्या निकेशचं लग्न होतं. मुलगी वरोऱ्याची. नवरदेव माझ्याच गाडीत जाईल असा हट्ट मी धरला. चंदा म्हणाली होती, भाऊ, भाड्याची गाडी सांगतली हाये. मी म्हणालो, मामाची गाडी दारात असताना भाचा भाड्याच्या गाडीतून जाते काय? वरात वरोऱ्यात मंडपासमोर पोचली, बँड जोरात आला, मी दिमाखात उतरून निकेशचं दार उघडायला गेलो आणि चारही दारं खटकन बंद झाली. नवरदेव आत, किल्ली आत, इंजिन आणि एसी चालू, आणि आतून हँडल ओढून, बटणं दाबूनही काही हलेना.

दीड तास. बँडवाल्यांची गाणी संपली तेव्हा त्यांनी पहिल्यापासून सुरू केली. बाहेर बेचाळीस डिग्री. आत निकेश थंडगार हवेत बाशिंग बांधून बसलेला, काचेला नाकं लावून मुलं त्याला पाहताहेत. मुलीचे काका दगड घेऊन आले तर मी आडवा आलो. काच दुहेरी आहे, जर्मनीहून मागवावी लागेल, असं काहीतरी बोललो म्हणतात. मी खरंच तसं बोललो. शेवटी गाडीनं आपल्याच मनानं दार उघडलं. का उघडलं, तेही समजलं नाही. निकेश उतरताना म्हणाला, "मामा, मले तं झोपच लागली होती." सगळे हसले. चंदा हसली नाही.

"झालं," भाऊ पुंजण्यावरून खाली उतरले. दोन पावलं मागे जाऊन त्यांनी पाहिलं. "कोनी इचारलं तं सांगजो, रानडुकरं खळ्यावर येऊन राह्यले म्हून धान घरी आनलं."

"रानडुकरं खरंच येऊन राह्यले काय?"

"येतेच ना. म्हून तं खोटं वाटनार नाई."

एके काळी भाऊ गाडीचे सगळ्यात मोठे भक्त होते. तिच्यात बसून ते पंचक्रोशीतल्या सगळ्या मंडया फिरले होते, काच खाली करून, कोपर बाहेर काढून. सिंदेवाहीच्या बाजारात ती दोनदा बंद पडली आणि भाऊंना दोनदा काळीपिवळीतून घरी यावं लागलं, तेव्हापासून ते विरोधी पक्षात गेले. गाडीच्या बाजूनं आता घरात एकटी माय उरली होती. मागच्या सीटला शेक द्यायची सोय आहे, आणि त्या शेकानं मायच्या कंबरेला जेवढा आराम पडतो तेवढा कुठल्याच तेलानं पडत नाही. ओट्यावर बसून ती आमचं काम पाहत होती.

"जिवंत लेकराले गाडून राह्यले दोघं," ती म्हणाली.

माझ्या मनातही तेच होतं. म्हणूनच भाऊ हातपाय धुवायला गेले तेव्हा मी ते केलं, जे करायला नको होतं.

*

पुढचं माझ्या बायकोनं, साधनानं, मला नंतर सांगितलं. तिनं वापरलेले शब्द मी थोडे धुऊन घेतले आहेत.

मंडईच्या दिवशी सकाळी ती अंगण झाडत होती. ओट्याच्या खांबावरच्या बोर्डातून एक काळी वायर निघून पुंजण्याच्या पोटात शिरली होती. वायर गोणपाटाखाली लपवली होती. आपला नवरा वायर लपवतो तेव्हा वायरीपेक्षा गोणपाटच जास्त दिसतं, हे तिला लग्नाच्या सव्वीस वर्षांत कळलेलं आहे. आत मी बॅटरीचा चार्जर लावला होता. रात्रभर चार्ज करायचं, मंडई आटोपली की भारे उतरवून गाडी गुपचूप घेऊन जायचं, असा माझा बेत होता. बेत चांगलाच होता.

साधनाला गाडी कधीच आवडली नाही. मला दोन बायका आहेत आणि त्यांतली जुनी आपण, असं ती पाहुण्यांना सांगते. चंदाशी मात्र ती तीनही वर्षं फोनवर बोलत होती, माझ्या पाठीमागे, दर रविवारी. हे मला माहीत नव्हतं. चंदाला परत यायला राजी करण्यात मायचा हात आहे असं मी समजत होतो. तो साधनाचा होता.

झाडू हातात घेऊन ती वायरीकडे पाहत राहिली. मोठ्या भाऊंना सांगावं तर दोघा भावांचं भांडण, तेही चंदा येण्याच्या दोन तास आधी. मला विचारावं तर मी म्हणणार, ट्रिकल चार्जिंग हाये, थेंबथेंब करंट जाते, काई होत नाई. तिनं वर पाहिलं. ओट्यावरचा पंखा थांबलेला होता. सकाळी सहाला गेलेली लाईट आली नव्हती. लाईट नाही म्हणजे धोका नाही, असं म्हणून तिनं गोणपाट पायानं सारखं केलं आणि झाडत पुढे गेली.

"म्हंजे तूबी सामील झाली ना," हे ऐकल्यावर मी तिला म्हणालो होतो.

"मी तुमच्यासाठी नाई, चंदाबाईसाठी गप्प राह्यली," ती म्हणाली.

*

चंदा साडेदहाच्या एसटीनं आली. एकटीच. जावई गुणवंतरावांना पेपर मिलमध्ये सुट्टी नव्हती. गल्लीत दोन्ही बाजूंना मंडईची दुकानं मांडली जात होती, त्यांच्यामधून वाट काढत, हातात पिशवी घेऊन ती फाटकाशी येऊन थांबली. मी दाराच्या आडून पाहत होतो. चोपन्नाव्या वर्षी मी बहिणीला दाराआडून पाहत होतो.

तिनं आधी अंगणभर नजर फिरवली. गाडी दिसली नाही. पुंजणं दिसलं.

"मोठे भाऊ, हे काय? अंगनात पुंजनं?"

"रानडुकरं येऊन राह्यले बाप्पा खळ्यावर," भाऊ म्हणाले. "लय नुसकान करून राह्यले. म्हून घरी आनलं."

"अस्सं."

"पाच-सहा येते रोज."

"मोठे हाये काय?"

"हाव ना. एक तं लयच मोठा हाये."

चंदानं मान डोलावली. त्या वेळी तिच्या मनात काय चाललं होतं ते तिनं नंतर सांगितलं. पुंजण्याची समोरची बाजू भाऊंच्या हातची होती. देठ सगळे सारखे, सुतात. उजव्या बाजूला लोंबी बाहेर लटकत होत्या आणि तिथे तीन कोंबड्या मान वर करकरून धान टिपत होत्या. लहानपणी शाळेला सुट्टी असली की आबा, म्हणजे आमचे वडील, आम्हा तिघांनाही खळ्यावर न्यायचे. चंदा सात वर्षांची असतानाही भारा बरोबर लावायची. लोंब बाहेर ठेवून मार खाणारा या घरात एकच होता. मग तिला दिसलं, की पुंजणं गोल नाही, लांबट आहे. एका टोकाला जरा उतरतं, मध्ये उंच, दुसऱ्या टोकाला पुन्हा उतरतं.

ती तिथून वळून परत जाऊ शकली असती. तसं सांगूनच आली होती. पन मले काय वाटलं सांगू काय वहिनी, ती साधनाला म्हणाली, आबांच्या मारानं जे त्यानं शिकलं नाई, ते माह्यासाठी कराले गेला, आनि तेबी उलटंच केलं. तिला हसू आलं, आणि हसू आलं याचा रागही आला. ती फाटकातून आत आली. मायच्या गळ्यात पडली. मी दाराआडून बाहेर आलो तर माझ्याकडे पाहिलं नाही.

*

ओट्यावर पाट मांडले होते. आधी भाऊंना ओवाळून झालं. मग माझी पाळी आली. मी पाटावर बसलो, डोक्यावर रुमाल टाकला. चंदा ताट घेऊन समोर उभी राहिली. ती वाकत नव्हती.

"चंदा," मी म्हणालो. तीन दिवसांपासून घोकून ठेवलेलं वाक्य होतं. "तवा जे झालं ते गाडीमुळं झालं. त्या सेंट्रल लॉकिंगच्या मॉड्यूलमंधी पानी गेलं होतं. मी नंतर उघडून पाह्यलं तं..."

"मॉड्यूल," चंदा म्हणाली.

साधनानं कपाळाला हात लावला.

तेवढ्यात ओट्यावरचा पंखा फिरू लागला.

लाईट आली की आमच्या गावात सगळे मिळून समाधानाचा एक आवाज काढतात. तो आवाज गल्लीतून आला. साधना मात्र पंख्याकडे पाहून ताडकन उठली. कारण मला कळेपर्यंत अंगणातून दुसरा आवाज सुरू झाला होता. कोणीतरी जमिनीखालून घोरावं तसा, जाड, लांब. तो मी ओळखतो. रात्रभर चार्ज झालेल्या बॅटरीला आलेल्या लाईटचा झटका बसला होता, आणि गाडी जागी झाली की आधी पिशव्यांत हवा भरते.

पुंजणं उठू लागलं.

कोंबड्या ओरडत पळाल्या. एकशे चाळीस भारे, आधी मागून, मग पुढून, हळूहळू चार बोटं वर आले. वरचे सात-आठ भारे घसरले आणि खाली पडले. मधल्या फटीतून पिवळा दिवा लुकलुकला. "माय वं," मायनं हात जोडले, देवाला की गाडीला ते कळलं नाही. भारे घसरले तशी गाडी जरा कलली, आणि गाडी कलली की तिला वाटतं चोर उचलून नेतो आहे. भोंगा सुरू झाला.

तो भोंगा अर्ध्या नागपूरला ऐकू जावा म्हणून बनवला आहे. मंडईतली माणसं फाटकाशी जमली. आधी त्यांना वाटलं नाटक कंपनीची जाहिरातीची गाडी आली. मग त्यांनी ओरडणारं, डोळे मिचकावणारं पुंजणं पाहिलं. कोणीतरी मोबाइल काढला. भाऊ "माहं धान पेटंल" म्हणत धावले. साधनानं बोर्डातून पिन उपटली आणि ओरडून सांगितलं की वायर काढली, आता पेटत नाही.

"हे कोनी लावलं होतं?" भाऊंनी विचारलं. सगळे माझ्याकडे पाहू लागले.

मी पाटावरून अर्धा उठलो होतो. माझे हात शिवशिवत होते. डावीकडचे चार भारे काढायचे, बोनेटची दांडी ओढायची, काळ्या डब्यातला तिसरा फ्यूज. एक मिनिटाचं काम. तीस वर्षांची नोकरी माझ्या गुडघ्यांत उभी राहिली होती.

"जा," चंदा म्हणाली.

ती मोठ्यानं बोलली नाही, पण मला भोंग्यातूनही ऐकू आलं.

"जा ना. तवाबी गेला होता." तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. "दार नाई उघडलं त्याचा मले राग नाई भाऊ. मशीन हाये, बिघडते. माहा पोरगा तं आत झोपला होता. पन मंडपात मले इहीनबाई इचारत होत्या, व्याही इचारत होते, सारे वरोरावाले हसून राह्यले होते, आनि मी एकटी. निकेशचे बाबा त्यायले पानी पाजून राह्यले होते. मोठे भाऊ बँडवाल्यापाशी. मी चार डाव एका पोराले पाठवलं, मामाले बोलाव. तू नाई आला. दीड तास तू त्या गाडीपाशी उभा होता. माह्यापाशी एक मिनिट उभा नाई राह्यला."

मला तिनं बोलावल्याचं आठवत होतं. प्रत्येक वेळी मी म्हणालो होतो, हे झालं की आलोच. मॉड्यूलचं, पाण्याचं, लॉकच्या मोटरचं मी तीन वर्षं कारण शोधत होतो. लाल दिवा लागला होता तो मंडपात, आणि मी पाहत होतो तो दुसरीकडेच. मला फार वाईट वाटलं. इतकं वाईट मला गाडी बंद पडल्यावर कधी वाटलं नव्हतं, आणि मी किती वेळा रस्त्यावर बसलो आहे ते घरात सगळ्यांना माहीत आहे.

फाटकातली माणसं हसत होती. एक जण माझ्याकडे पाहून ओरडला, "हेमराजभाऊ, धानाले सायरन लावलं काय?"

मी रुमाल डोक्यावरून न काढता उभा राहिलो आणि फाटकाकडे तोंड केलं. "माही गाडी हाये," मी म्हणालो. "बहिनीपासून लपवली होती. धानात. हसाचं असंल तं मले हसा, तिले नाई."

ते आणखीच हसले. मी परत येऊन पाटावर बसलो.

"बंद नाई करत काय?" चंदानं विचारलं.

"नाई."

"कानं फुटून राह्यले सगळ्यायचे."

"फुटू दे. बॅटरी पुरी भरली नाई. मरंल आपल्यानं."

"कवा मरंल?"

"मालूम नाई," मी म्हणालो. हे खरं होतं. "मी दीड तास बसतो. मंग पाहू."

भाऊ घसरलेले भारे उचलून परत रचत होते, आता कोणापासून झाकायचं होतं कोण जाणे. माय म्हणाली, दिवा इझंल बाई. चंदा वाकली. तिनं माझ्या कपाळाला कुंकू लावलं, भोंग्याच्या तालावर तिचा हात हलला आणि ते भुवईपर्यंत गेलं. अक्षता टाकल्या. ओवाळलं. करंजीचा तुकडा माझ्या तोंडात घातला तो जरा जोरानंच.

"लोंब बाहेर ठेवते काय कोनी?" ती म्हणाली. "आबा असते तं आजबी मारला असता."

मग साधनानं ताटं वाढली. भात, वांग्याची भाजी, वडे. चंदानं आपला पाट उचलला आणि माझ्या शेजारी आणून टाकला. आम्ही जेवलो. मध्ये काही बोलायचं असलं तर भोंगा थांबायची वाट पाहायची, आणि तो थांबला की दोघंही गप्प व्हायचो. निकेशला मुलगी झाली आहे, आठ महिन्यांची, हे मला तेव्हा कळलं. नाव सोमारी ठेवलं आहे, चंदाच्या आजेसासूचं. तिला मामाआजोबांची गाडी दाखवायची की नाही, यावर चंदानं काही सांगितलं नाही.

भोंगा बावीस मिनिटांत मेला. गाडी सुस्कारा टाकून पुन्हा खाली बसली, तिच्याबरोबर पुंजणंही. फाटकातली माणसं पांगली. मी उठलो नाही. चंदाही उठली नाही.